‘पुढच्या वर्षी बघू’ आणि कोलोमाचे दोन दिवस



या सदरात दर अंकाला ४०१-के, गृहकर्ज, कोलेस्टेरॉल नाहीतर गुडघेदुखी यांवर वाचायची तुम्हांला सवय आहे. आज मी लिहिणार आहे हनिमूनवर. दचकू नका. हनिमून आमचाच, आणि तोही लग्नाला सत्तावीस वर्षं झाल्यानंतरचा! “हे आरोग्य आणि अर्थ या सदरात कसं बसवायचं?” असं संपादकांनी विचारलंच. शेवटपर्यंत वाचलंत तर तुम्हीच सांगाल.

आमचा पहिला हनिमून म्हणजे डिसेंबर १९९६ मधले महाबळेश्वरचे तीन दिवस. उतरताना वाईला मावशीकडे जेवलो आणि संध्याकाळी मेणवलीच्या घाटावर जाऊन बसलो. मागे नाना फडणवीसांचा वाडा, समोर कृष्णेचं पाणी, आणि वसईच्या मोहिमेनंतर आणलेली ती भली मोठी पोर्तुगीज घंटा. (पुढे २००४ साली ‘स्वदेस’मध्ये तोच घाट पडद्यावर दिसला, तेव्हा थिएटरात आम्ही दोघांनी एकमेकांना कोपर मारलं होतं.) त्या संध्याकाळी हे म्हणाले होते, “दर वर्षी दोन दिवस असंच कुठेतरी नदीकाठी जायचं हं.”

१९९८ साली आम्ही सांता क्लाराला आलो. पुढचं तुम्हांला ठाऊकच आहे, कारण तुमच्याही घरी तेच झालं. आधी व्हिसा, मग ग्रीन कार्ड, मग घर, मग मुलं. रजा साठली की भारतात. आई-बाबा इकडे आले की त्यांना ग्रँड कॅनियन. मुलं मोठी झाल्यावर सॉकर, मराठी शाळा, एसएटी, कॉलेजं बघत हिंडणं. ‘दर वर्षी दोन दिवस’चं ‘पुढच्या वर्षी बघू’ कधी झालं, ते कळलंच नाही.

२०२३ च्या दिवाळीच्या सुमारास आमच्या ओळखीतले एक गृहस्थ झोपेतच गेले. वय चोपन्न. गणपतीत माइक, स्पीकर, वायरी सगळं त्यांच्याकडे असायचं. भेटायला गेले तेव्हा त्यांची बायको बराच वेळ गप्प होती. मग एकदम म्हणाली, “आम्ही टाहोचं बुकिंग चारदा रद्द केलं गं.”

घरी येऊन मी कॅलेंडर काढलं.

गाव कोणतं?

आमच्या अटी तीन होत्या. विमान नको. तीन-सव्वातीन तासांपेक्षा जास्त गाडी नको. आणि नदी हवी. हवाईची जाहिरात दाखवून मुलीने “आई, बी रोमँटिक!” असा सल्ला दिला; पण हवाईचा खर्च मनात धरला की निघणं आणखी एक वर्ष पुढे जातं, हा अनुभव आहे.

शेवटी निवडलं कोलोमा. सांता क्लाराहून सुमारे दीडशे मैल. सॅक्रामेंटोहून हायवे ५० ने प्लेसरव्हिल, तिथून डावीकडे वळणावळणाच्या ४९ ने आठ-नऊ मैल. अमेरिकन नदीच्या दक्षिण फाट्याच्या काठी वसलेलं हे इवलंसं गाव. त्याचा बराचसा भाग आज सरकारी ऐतिहासिक उद्यान आहे. हिवाळ्यासाठी मुद्दाम सांगते: गावाची उंची साडेसातशे फुटांच्या आसपास, त्यामुळे टाहोसारखा बर्फ आणि चाकांना साखळ्या हे प्रकरण सहसा नाही. थंडी, पाऊस आणि भरून वाहणारी नदी मात्र आहे.

आपण कॅलिफोर्नियात का आहोत, याचं अर्धं उत्तर या गावात सापडतं. २४ जानेवारी १८४८ रोजी जेम्स मार्शल नावाच्या सुताराला इथे सोनं दिसलं. जॉन सटरच्या भागीदारीत तो लाकूड कापायची गिरणी बांधत होता. गिरणीचं पाणी बाहेर सोडायच्या चरात त्याला पिवळे कण चमकताना दिसले. नऊ दिवसांनी, २ फेब्रुवारीला, मेक्सिकोने तहात कॅलिफोर्निया अमेरिकेला दिला. सोन्याची बातमी तह करणाऱ्यांच्या कानी तोवर गेलीही नव्हती! मग जगभरातून माणसं लोटली. गिरणीची प्रतिकृती आज नदीकाठी उभी आहे. चिनी दुकानदारांची दगडी दुकानंही आहेत. मूळचे निसेनान लोक मात्र या गर्दीत घरादाराला आणि जिवाला मुकले. गावाचं नावही त्यांच्याच भाषेतलं.

खर्चाचा हिशेब

आता अर्थ-विभाग. २०२४ च्या जानेवारीतल्या आमच्या दोन रात्रींचा हा सगळा हिशेब:

राहणं, दोन रात्री, करासकट: ३१८ डॉलर
पेट्रोल, तीनशेवर मैल: ५० डॉलर
बेनिशिया पुलाचा टोल: ७ डॉलर (जातानाच लागतो, २०२५ पासून वाढला आहे)
एक रात्रीचं जेवण बाहेर: ७२ डॉलर
कॉफी, उद्यानाचं पार्किंग, किरकोळ: २३ डॉलर
एकूण: ४७० डॉलर

याला बारांनी भागलं तर महिन्याला चाळीस डॉलरसुद्धा होत नाहीत. लॉरेन्स एक्स्प्रेसवेजवळ महिन्यातून एकदा चौघांनी बाहेर जेवायचं म्हटलं तरी याहून जास्त होतात. मी वेगळं बचत खातं उघडलं आहे आणि पगाराच्या दिवशी त्यात चाळीस डॉलर आपोआप जातात. आयुर्विम्याचा हप्ता जसा न विचारता जातो, तसाच हा.

खर्च आवाक्यात राहिला त्याची कारणं साधी आहेत. आम्ही रविवारी दुपारी निघालो आणि मंगळवारी परतलो. शुक्रवार-शनिवारच्या मानाने या रात्री स्वस्त. मार्टिन ल्यूथर किंग आणि प्रेसिडेंट्स डे यांचे लाँग वीकएंड टाळले, चौदा फेब्रुवारी तर कटाक्षाने टाळला. गुलाबाचं फूल आणि खोलीचं भाडं, दोन्ही त्या दिवशी चढतात. मात्र लहान गावात सोमवारी-मंगळवारी खाण्याच्या जागा बंद असू शकतात, म्हणून आधी फोन करावा. आम्ही दशम्या, चटणी, मेतकूट आणि छोटा राइस कुकर नेला होता. पहिल्या रात्री पाऊस पडत होता, तेव्हा खोलीत गरम मऊ भात, मेतकूट आणि तूप खाल्लं. मेणबत्तीसुद्धा होती, इनच्या मालकीणबाईंनी ठेवलेली.

रजेबद्दल दोन शब्द. कॅलिफोर्नियात कमावलेली रजा हा पगारच मानला जातो. ‘वर्षअखेर वापरा नाहीतर बुडाली’ असं मालकाला करता येत नाही, आणि नोकरी सुटली तर शिल्लक रजेचे पैसे द्यावे लागतात. पण रजेच्या साठ्याला मर्यादा घालता येते. ती गाठली की नवी रजा जमा होणं थांबतं. आमच्या ह्यांची रजा कित्येक महिने त्या मर्यादेला टेकून बसली होती. म्हणजे दर पंधरवड्याला आम्ही पैसेच सोडून देत होतो, आणि वर म्हणत होतो की सुट्टी परवडत नाही!

निघण्यापूर्वी

जाताना सॅक्रामेंटोच्या खोऱ्यात धुकं लागू शकतं. नोव्हेंबर ते फेब्रुवारीत पाऊस पडून गेला की पहाटे ते इतकं दाट उतरतं की पुढची गाडी दिसत नाही. याला इथे ‘ट्यूली फॉग’ म्हणतात. उपाय एकच: पहाटे निघू नये, उन्हं वर येऊ द्यावीत. धुक्यात सापडलात तर दिवे लो बीमवर ठेवा, वेग कमी करा, पुढच्या गाडीपासून लांब राहा.

औषधं दोन दिवस जादा घ्यावीत आणि हातातल्या पिशवीत ठेवावीत. औषधांची यादी व विम्याचं कार्ड दोघांच्याही पाकिटात असावं. शेवटचं, सगळ्यांत महत्त्वाचं: गाडी दोघांनाही चालवता आली पाहिजे. मी सव्वीस वर्षं अमेरिकेत आहे, कामावर रोज गाडी नेते. पण घाटाचा रस्ता आला की स्टिअरिंग ह्यांच्याकडे, अशी आमच्यात वाटणी. ती किती चुकीची होती, ते सोमवारी सकाळी कळलं.

टेकडीवर

रविवारची संध्याकाळ, खरं सांगते, जरा अवघडच गेली. मुलांचं बोलून झालं. छपराच्या गळतीचं बोलून झालं. मग पंधरा मिनिटं आम्ही दोघं पावसाचा आणि नदीचा आवाज ऐकत बसलो. मला वाटलं, सत्तावीस वर्षांनी आपल्याकडे बोलायला एवढंच? नंतर लक्षात आलं की रोज आपण बोलतो ते निरोप असतात. दूध आण, बिल भर, त्याला घ्यायला जा. गप्पांना थोडी रिकामी जागा लागते, आणि ती तयार व्हायला एक संध्याकाळ जातेच. तेव्हा एक रात्र पुरत नाही, दोन रात्री ठेवा.

सोमवारी सकाळी पाऊस थांबला होता. भरपेट न्याहारी केली आणि मार्शलचा पुतळा बघायला टेकडीची पायवाट धरली. हा पुतळा १८९० मधला, मार्शलच्या थडग्यावर उभारलेला. हात लांब करून तो खाली नदीकडे, सोनं सापडलेल्या जागेकडे बोट दाखवतो. चढ फार मोठा नाही, पण खडा आहे. मी पुढे होते. मागे वळून पाहिलं तर हे एका ओकच्या झाडाला टेकून उभे. थंडीतही कपाळावर घाम.

“अरे, काय होतंय तुला?”

सासूबाई इथे असताना मला ‘अहो’ म्हणायची सवय लागली, ती त्या परत गेल्या तरी तशीच राहिली होती. त्या क्षणी कुठली सवय नि काय.

पाच मिनिटं खाली बसल्यावर बरं वाटलं. मग हळूच म्हणाले, “दोन-तीन महिने झाले. जिना चढलो की छातीत जड वाटतं. थांबलं की जातं. ॲसिडिटी असेल.”

“मग सांगितलं का नाहीस?”

थोडा वेळ नदीकडे बघत बसले. “कधी सांगणार? घरी गेलो की तुझी मीटिंग. तुझी संपली की माझी. आणि सांगितलं असतं तर तू हे दोन दिवसही रद्द केले असतेस.”

हे खरं होतं.

विमा कार्डाच्या मागे नर्सचा नंबर असतो. खोलीवर येऊन तिथे फोन केला. तिने सगळं ऐकून घेतलं आणि स्वच्छ सांगितलं: आत्ताच इमर्जन्सीत जा, पेशंटने गाडी चालवायची नाही, आणि बसल्या जागी पुन्हा त्रास झाला तर गाडी वगैरे काही नाही, थेट ९११. तो ४९ चा वळणांचा रस्ता मी चालवला. आठ-नऊ मैल, पण खंबाटकी दहा वेळा चढल्यासारखे वाटले. प्लेसरव्हिलला ईसीजी झाला, रक्ताच्या तपासण्या झाल्या, तासातासाने पुन्हा झाल्या. हार्ट अटॅक नव्हता. संध्याकाळी सोडलं, पण आठवड्याच्या आत हृदयरोगतज्ज्ञाला भेटायचंच, अशी ताकीद देऊन. पुढे सांता क्लाराला परतल्यावर स्ट्रेस टेस्ट झाली, अँजिओग्राफी झाली. एक रक्तवाहिनी बरीच बंद होती. फेब्रुवारीत स्टेंट बसला. आज हे रोज पाऊण तास चालतात, आणि मी ताशी किती मैल, ते विचारत नाही.

जे मला आधी माहीत असायला हवं होतं

आपल्या लोकांना हृदयविकार लवकर गाठतो, हे आपण ऐकतो आणि सोडून देतो. २००७ साली प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या आंतरराष्ट्रीय अभ्यासात दिसलं की दक्षिण आशियातल्या रुग्णांमध्ये पहिल्या झटक्याचं सरासरी वय ५३ होतं, इतर देशांतल्यांचं ५९ च्या जवळ. आमचे हे तेव्हा बरोब्बर ५३ चे होते. बारीक अंगकाठी, शाकाहार, सिगरेट नाही, म्हणून आम्ही निर्धास्त. मधुमेहाची तपासणीसुद्धा आशियाई वंशाच्या लोकांनी बीएमआय २३ पासूनच करावी असं इथे सांगितलं जातं. इतरांसाठी तो आकडा २५ आहे. माउंटन व्ह्यूच्या एल कॅमिनो हॉस्पिटलमध्ये २००६ पासून खास दक्षिण आशियाई लोकांसाठी हार्ट सेंटर आहे. आपल्यापासून पंधरा-वीस मिनिटांवर! आम्ही त्यावरून असंख्य वेळा गेलो होतो.

एक साधी खूण लक्षात ठेवा. चढताना किंवा भरभर चालताना छातीत, जबड्यात, डाव्या हातात जडपणा येतो आणि थांबलं की जातो, तर ती ॲसिडिटी आहे असं ठरवायचा अधिकार आपला नाही. थंडी, भरलेलं पोट आणि चढ हे तीन एकत्र आले की हृदयावर ताण जास्त पडतो. आम्ही नेमके तिन्ही एकत्र आणले होते.

आता बिलाचं. जानेवारीत बहुतेक विम्यांचं डिडक्टिबल शून्यापासून पुन्हा सुरू होतं, म्हणून हिवाळ्यातल्या दुखण्याचा खर्च खिशातून जास्त जातो. त्याची सोय वेगळी ठेवावी, पण त्यापायी जाणं मात्र टाळू नये. परगावचं हॉस्पिटल आपल्या विम्याच्या नेटवर्कमध्ये नसलं तर काय, ही भीतीही असते. १ जानेवारी २०२२ पासून लागू झालेल्या ‘नो सरप्रायझेस’ कायद्याने इमर्जन्सी उपचारांना नेटवर्कमधल्याप्रमाणेच तुमचा वाटा घेता येतो. रस्त्यावरची ॲम्ब्युलन्स मात्र त्या कायद्यात येत नाही, तेवढं आपल्या पॉलिसीत वाचून ठेवा. फ्लेक्सिबल स्पेंडिंग खातं असेल तर डिसेंबरआधी शिल्लक बघा. काही कंपन्या थोडी रक्कम पुढे नेऊ देतात, सगळ्या नाही.

मार्शलचं बोट

मंगळवारी सकाळी परतण्याआधी आम्ही नदीकाठी पुन्हा गेलो. टेकडीवर नाही, अर्थात. सपाट वाटेने, सावकाश. पाणी गढूळ आणि जोरात होतं. बाकावर बसून ह्यांनी माहितीपत्रक वाचायला सुरुवात केली आणि आम्हां दोघांना हसू आलं, कारण ती सगळी गोष्ट आपल्या सदरासाठीच लिहिल्यासारखी होती.

ज्याला सोनं सापडलं तो मार्शल काही श्रीमंत झाला नाही. १८७२ मध्ये राज्याने त्याला पेन्शन दिलं, ते १८७८ मध्ये बंद झालं, आणि १८८५ मध्ये तो जवळच्याच केल्सी गावात जवळजवळ कफल्लक असा वारला. ज्याच्या जमिनीवर लोक तुटून पडले तो सटर १८८० साली वॉशिंग्टनमध्ये वारला. तोवर तो काँग्रेसकडे भरपाई मागत होता. सॅम ब्रॅनन हुशार. त्याने आधी फावडी, कुदळी, परातींनी दुकान भरलं आणि मग सॅन फ्रान्सिस्कोत सोन्याची दवंडी पिटली. अमाप पैसा केला. पण १८८९ साली तो वारला तेव्हा त्यातलं फारसं काही उरलेलं नव्हतं.

“आपणही सोन्यासाठीच आलो की,” हे म्हणाले.

“आपल्याला मिळालं थोडंफार,” मी म्हटलं. “घर आहे, मुलं शिकली.”

“ते नाही गं. बऱ्याच वर्षांनी काल मला ‘अरे’ म्हणालीस.”

तर मंडळी, या सदराचा नियम असतो की शेवटी काहीतरी करायला सांगायचं. म्हणून सांगते. हा अंक खाली ठेवायच्या आधी दोन फोन करा. एक डॉक्टरांकडे, राहिलेल्या तपासणीसाठी. दुसरा कुठल्याही नदीकाठच्या गावी, दोन रात्रींसाठी. खर्चाला महिना चाळीस डॉलर पुरतात. आणि जाण्याआधी जोडीदाराला एकच विचारा: “हल्ली जिना चढताना कसं वाटतं?” उत्तर ऐकायला मात्र थांबा.

आम्ही या जानेवारीतही कोलोमाला जाणार आहोत. टेकडीवरचा पुतळा अजून बघायचा राहिला आहे. यंदा न्याहारी करण्यापूर्वी, डॉक्टरांना विचारून, हळूहळू. आणि घाटातली गाडी मी चालवणार आहे.